आजी शुद्धीवर कधी येणार

मालिकेचा लेखक हा आजीचं काम करणाऱ्या बाईचा मुलगा आहे, लग्नाआधीचा, आणि तिने तो जन्मतःच कुणाला तरी देऊन टाकला होता, ही बातमी कुठे जन्माला आली ते मी खात्रीने सांगू शकतो. मेकअपच्या खोलीत, खिडकीजवळच्या आरशासमोर. त्या खुर्चीवर आमची थोरली सून बसायची. थोरली सून मालिकेतली. खऱ्या आयुष्यात तिचं लग्न अजून ठरत होतं आणि मोडत होतं. केसांत पिना खोचून घेता घेता ती म्हणाली, "उगीच नाही कुणी कुणाला एवढं सांभाळत." केस करणाऱ्या बाईंच्या तोंडात पिना होत्या म्हणून त्या गप्प राहिल्या. पिना संपल्यावर बोलल्या. जेवणाच्या सुट्टीत बातमी सगळ्या ताटांवरून फिरली आणि संध्याकाळपर्यंत लाइटवाल्यांनी त्या मुलाचा बापसुद्धा ठरवून टाकला. तो बिचारा कधीच वारला होता, त्यामुळे त्याची हरकत आली नाही.

मी त्या मालिकेत डॉक्टर होतो. गळ्यात स्टेथोस्कोप, हातात कागदांची पाटी, आणि वाक्य एकच: "अजून काहीच सांगता येत नाही." ते मी इतक्या वेळा म्हटलं की घरी बायकोने भाजीत मीठ पुरे का विचारलं तरी तोंडातून तेच यायचं. सांगायचा मुद्दा, त्या पलंगाच्या उशाशी मी सगळ्यात जास्त उभा राहिलो. पलंगावर जी पडलेली असायची, तिची ही हकिगत.

बातमीला आधार काय होता ते आधी सांगतो. बाई मालिकेत आजी होती. आजी जिन्यावरून पडून बेशुद्ध झाली, आणि वर्षं उलटली तरी बेशुद्धच राहिली. रोजच्या मालिकेत म्हातारी माणसं टिकत नाहीत. एक तर मरतात, नाहीतर परदेशातल्या मुलाकडे जातात आणि मग त्यांचं नावही कुणी काढत नाही. हिला मात्र लेखक मारतही नव्हता आणि परदेशी धाडतही नव्हता. उलट मालिकेत कुणाच्या मनात काही सलत असलं की तो माणूस निघाला हॉस्पिटलात, बसला आजीच्या उशाशी, आणि लागला सांगायला. धाकट्या मुलाने कारखाना गहाण टाकला, ते आजीला सांगितलं. मधल्या सुनेचं जुनं प्रेम परत आलं, तेही आजीलाच. आता एवढा जीव कोण लावतो, असा सगळ्यांचा सवाल. त्यात लेखकाचा फोटो कुणीतरी फोनवर दाखवला आणि नाक हुबेहूब निघालं. मी पण पाहिलं. नाकासारखं नाक होतं.

बाईला काय हवं होतं, ते मात्र कुणाला विचारावं लागत नव्हतं. तिला शुद्धीवर यायचं होतं. डोळे उघडायचे होते आणि बोलायचं होतं. दुसरं काही नाही.

तिची सगळी जिंदगी बोलण्यासाठी थांबण्यात गेली होती. वडील शिंपी. एका फिरत्या नाटक कंपनीचे कपडे शिवायचे. मापं घ्यायला जाताना थोरल्या लेकीला बरोबर न्यायचे, म्हणजे टाचण्यांची डबी धरायला कुणीतरी असायचं. तालीम चाललेली असायची. ही कोपऱ्यात डबी धरून बसायची. एक दिवस कंपनीच्या मालकांनी तिचे ओठ हलताना पाहिले.

"काय गं, काय पुटपुटतेस?"

"नाटक."

"कुणाचं काम?"

"सगळ्यांचं."

मालकांनी तिला तिथेच उभी केली आणि दुसरा अंक म्हण म्हणाले. तिने नायिकेचं म्हटलं, नायकाचं म्हटलं, खोकणाऱ्या सासऱ्याचं खोकल्यासकट म्हटलं, आणि दाराबाहेरून हाक मारणाऱ्या पोस्टमनचंही सोडलं नाही. त्या दिवसापासून तिचं नाव पडलं टेप. वडिलांना वाटलं, पोरीचं भलं झालं. कंपनीत घेतली ती बदली नटी म्हणून. कुणी आजारी पडलं की हिने उभं राहायचं.

बदली नटीचं आयुष्य म्हणजे रोज रंग लावून दुसऱ्याच्या तब्येतीची चौकशी करायची. आणि कंपनीची नायिका अशी खणखणीत, की तिला साधी शिंक यायची तीसुद्धा मध्यंतरात. पावसापाण्यात, उन्हातान्हात, फुटक्या रस्त्यांवरून ट्रकात पडद्यांच्या गुंडाळ्यांवर बसून कंपनी फिरायची. व्यवस्थापक आजारी पडले, पेटीवाला पडला, कुत्रासुद्धा पडला, नायिका नाही. टेप विंगेत उभी राहून तिचं प्रत्येक वाक्य ओठांनी म्हणायची. मधून मधून तिला मोलकरणीचं, मैत्रिणीचं, गर्दीतल्या बाईचं काम मिळायचं. आणि ऐन तारुण्यात तिला नायकाची आई केली. नायक तिच्याहून चांगला मोठा होता. तो प्रयोगात तिच्या पाया पडायचा आणि उठताना गुडघे धरून उठायचा.

शेवटी एकदा नायिकेचा पाय मुरगळला. जिना उतरताना नाही, भाषण देताना नाही, चपला घालताना. टेपला घाईघाईने उभी केली. त्या दिवशी ती अशी बोलली की तिचा एक शब्द इकडचा तिकडे झाला नाही. टाळ्या पडल्या. पडदा पडल्यावर व्यवस्थापक डोळे पुसत आत आले आणि म्हणाले, "शाबास. डोळे मिटून घेतले तर वाटलं, तीच बोलतेय." नायिकेचा पाय आठवड्यात बरा झाला.

हा किस्सा ती मला कितीदा तरी सांगायची. हसत सांगायची, व्यवस्थापकांची नक्कल करून. मी म्हणायचो, "बरं झालं ना मग, कौतुकच केलं." ती म्हणायची, "केलं ना. तिचं."

कंपनीतच तिने लग्न केलं, लाइट लावणाऱ्याशी. लोक म्हणायचे, हिच्यावर उजेड टाकणारा हाच एक. माणूस गरीब स्वभावाचा. शिडीवरून पडला आणि अंथरुणाला खिळून गेला तो गेलाच. मूलबाळ नव्हतं. लग्नाच्या आधी एका हंगामात ती कंपनीतून नाहीशी झाली होती, बहिणीकडे जाऊन राहिली होती. हाच तो हंगाम, जो पुढे आमच्या मेकअपच्या खोलीने बाळंतपणाला वापरला. घशात गाठी आल्या होत्या तिच्या. डॉक्टरांनी बोलणं बंद केलं होतं. बहिणीच्या स्वयंपाकघरात ती पाटीवर लिहून मीठ मागायची. पण गाठीपेक्षा बाळ केव्हाही ऐकायला गोड.

मग कंपनी बुडाली आणि टीव्ही आला. टीव्हीत ती आई झाली, मग मोठी आई झाली. दार उघडणे, ताट वाढणे, खिडकीत उभं राहून वाट पाहणे. एका मालिकेत तिला भागामागून भाग एकच वाक्य होतं, "जेवून घे." तिने ते रागाने म्हणून पाहिलं, मायेने म्हटलं, एकदा रडू आवरत म्हटलं. दिग्दर्शक म्हणाला, "बाई, एकाच तऱ्हेने म्हणत जा हो. जोडताना गोंधळ होतो."

आणि केस पूर्ण पिकल्यावर तिला ही आजी मिळाली. तीन मुलगे, त्यांच्या बायका आणि एक कारखाना मुठीत ठेवणारी आजी. पहिला लेखक जुन्या नाटकांवर पोसलेला होता. तो तिला पानपानभर भाषणं द्यायचा. बाई दहा वर्षांनी तरुण झाली. भाजीवाल्याशी आजीच्या आवाजात भाव करायची आणि तो मुकाट्याने भाव उतरवायचा. रस्त्यात बायका थांबून म्हणायच्या, "त्या मधल्या सुनेला अशीच सरळ करा." ती मान हलवून म्हणायची, "बघते." जणू संध्याकाळी जाऊन करणारच होती.

ते दिवस थोडे टिकले. पाहणारे घटायला लागले. मोठा धक्का द्या, असं वरून आलं. मोठा धक्का म्हणजे आजी. पाठमोरी आजी जिन्याच्या वरच्या पायरीवर, मागून हातमोजा घातलेला एक हात, आणि आजी खाली. कुणी ढकललं ते दाखवलं नाही. लेखकाने तिला बाजूला घेऊन सांगितलं, "दोन आठवडे पडून राहा, ताई. मग डोळे उघडाल आणि सांगाल कुणी ढकललं ते. असं भाषण लिहितो, की लोक जागचे हलणार नाहीत."

आठवडाभरात त्याचं आणि वाहिनीचं वाजलं. तो आपल्या मर्जीतल्या नटनट्या घेऊन दुसऱ्या मालिकेत गेला. बाईला नेलं नाही, कारण तिथे आजी आधीच होती. त्याच्या जागी नवा लेखक आला. नवा म्हणजे या धंद्यात अगदी कोवळा. घरी बसून लिहायचा, पानं फोनवर पाठवायचा. सेटवर त्याचं पाऊल कधी पडलं नाही. आजकालची रीत ती.

आणि बाई पडून राहिली.

खोली म्हणजे प्लायवूडच्या तीन भिंती. एक लोखंडी पलंग, एक पडदा, एक यंत्र ज्याच्यावर हिरवी रेघ उड्या मारायची. ती रेघ कुणाच्याच काळजाला जोडलेली नव्हती. बाईच्या डोक्याला भुवयांपर्यंत पट्टी, नाकातोंडावर प्राणवायूचा मास्क, गळ्यापर्यंत चादर, एक हात प्लास्टरमध्ये. दिसायचे ते फक्त मिटलेले डोळे आणि प्लास्टरमधून डोकावणारी बोटं. पण ती काम म्हणून करायची. खऱ्या हॉस्पिटलात ओळखीच्या नर्सकडे जाऊन बघून आली. श्वास छातीने नाही, पोटाने घ्यायचा, चादरीखाली, म्हणजे वर काही हलत नाही, हे शिकून आली. एकदा ऐन दृश्यात तिच्या भुवईवर माशी बसली आणि चांगली फिरून, हातपाय चोळून, आपल्या मर्जीने उठली. बाईची पापणी लवली नाही. कॅमेरावाला नंतर मला म्हणाला, "डॉक्टर, मला खरंच वाटलं, ही गेली."

मी दृश्य संपलं की तिच्या कानाशी म्हणायचो, "अजून काहीच सांगता येत नाही." ती मास्कमधून म्हणायची, "तुमची डिग्री खोटी आहे, डॉक्टर."

नव्या नटनट्यांना पाठांतराची सवय नसते. मोठं वाक्य आलं की ते कागदावर लिहून आजीच्या प्लास्टरवर चिकटवायचे. थोरली सून तर आजीच्या छातीवर डोकं ठेवून रडायची ती उगीच नाही. कागद गळ्यापाशी चादरीवर टाचलेला असायचा. कागद सरकला की सून अडायची. मग कुठून तरी बारीक आवाज यायचा आणि सून पुढे बोलायला लागायची. आवाज मास्कच्या आतून यायचा. बाईला सगळ्यांची सगळी वाक्यं पाठ असायची. बेशुद्ध आजी शुद्धीतल्या माणसांना शब्द पुरवत होती आणि घराघरांत लोक ते बघून डोळे टिपत होते.

आता ती उठणार कधी, हा प्रश्न. कोपऱ्यातल्या बाकावर चहा घेताना ती मला आपलं भाषण म्हणून दाखवायची. भाषण तिचं तिनेच जुळवलं होतं, कारण तिच्या उशाशी येऊन सगळ्यांनी सगळं ओकलं होतं. "एकेकाला उभं करते बघा. कारखाना कुणी गहाण टाकला, दागिने कुठे गेले, पोर कुणाचं. सगळं या कानांनी ऐकलंय."

"आणि ढकललं कुणी?"

"ते लेखक ठरवेल. मी तिघांचं तयार ठेवलंय."

मी म्हटलं, "मग विचारा ना त्याला. फोन करा."

तिने कप खाली ठेवला. "लेखकाच्या दारात उभी राहिलेली नटी मी कंपनीत पाहिली आहे. एकदा मागितलं की पुढे जे मिळतं ते दया म्हणून मिळतं. तो माझा विचार करतोय. नाहीतर एवढे दिवस ठेवली असती का?"

हे ती विश्वासाने बोलायची. ती बातमी तिच्याही कानावर गेली होती. नाकारायची नाही. एवढंच म्हणायची, "मुलगा असता तर असाच असता, अबोल." आता हे ऐकून कुणाचं समाधान होईल? बातमीला आणखी पाय फुटले.

आणि बातमीने आपलं काम केलं. लेखकाशी फोनवर बोलताना बाईचा विषय काढायचा नाही, असं कुणी न ठरवताच ठरून गेलं. नाजूक मामला, आपण कशाला तोंड घाला. मी एकदा निर्मिती व्यवस्थापकाला म्हटलं, "बाईंबद्दल लेखकाकडे जरा शब्द टाका." तो इकडेतिकडे बघून म्हणाला, "त्यांच्या घरातली गोष्ट आहे, डॉक्टर. आणि आठवण करून दिली न् त्यांनी मारूनच टाकली तर? आहे ते बरं आहे. पडून तर राहायचंय."

बाई राहायची भावाकडे. भाऊ भिडस्त, निवृत्त कारकून, पेपर वाचण्यापलीकडे मत नसलेला. वहिनी मात्र तोंडाची पक्की. मालिका लागली की वहिनी सोफ्यावर, बाई शेजारी, आणि पडद्यावर बाई पडलेली.

"वन्सं, आज तरी उठणार का?"

"बघू."

"नाही, म्हणजे उठणार असाल तर मी कुकर नंतर लावते."

दुसऱ्या दिवशी शेजारीण बसायला यायची. वहिनी तिला सांगायची, "आमच्या वन्सं कामाला जातात म्हणजे झोपायला जातात. घरी येऊन म्हणतात, दमले." शेजारीण हसायची. बाई पण हसायची आणि आत जाऊन उताणी पडून पोटाने श्वास घेण्याचा सराव करायची. पण एक सांगतो, वहिनीने एकही भाग चुकवला नाही. आणि नणंद पडद्यावर दिसेनाशी झाली की म्हणायची, "आज कमीच दाखवलं."

एकदा बाईने धीर केला. धाकटा मुलगा उशाशी बसून कबुली देत होता, आणि त्याच्या वाक्याच्या ऐन शेवटाला प्लास्टरमधून डोकावणारी तिची करंगळी हलली. जरा. पाण्यावर पान हलावं तेवढी. मी पलंगाच्या पायाशी उभा होतो, मला दिसलं. कॅमेऱ्यालाही दिसलं. ती घरी जाऊन भाग लागायची वाट बघत बसली. तिची अटकळ अशी, की लेखक घरी बसून भाग बघत असणार, करंगळी बघेल आणि कळेल त्याला की मी तयार आहे. हे मागणं नव्हतं ना. बोट हललं, बास.

भाग लागला. कबुली होती, करंगळी नव्हती. जोडणाऱ्याने तेवढा तुकडा कापून टाकला होता. दुसऱ्या दिवशी सहायक दिग्दर्शक, नातवाच्या वयाचा, पलंगाशी येऊन म्हणाला, "आजी, काल तुमचं बोट हललं. जरा सांभाळा." तिने मास्कच्या आतून "हो" म्हटलं.

त्यानंतर थोड्याच दिवसांनी तो जुना व्यवस्थापक आला. कंपनीतला, डोळे मिटून ऐकणारा. आता काठी टेकत चालायचा, पण एका नव्या नाटकाची जमवाजमव करत होता. नाटकात एक म्हातारी. पहिल्या वाक्यापासून शेवटच्या वाक्यापर्यंत रंगमंचावर तीच. बाकी सगळे येऊन जाऊन. तो भावाच्या घरी सोफ्यावर बसला आणि हस्तलिखित तिच्या मांडीवर ठेवलं. मी त्या दिवशी सहज तिथे गेलो होतो, म्हणजे काय चाललंय ते बघायला गेलो होतो.

"टेप, हे तुझं आहे. दुसऱ्या कुणाला मी विचारणार नाही."

तिने पहिलं पान वाचलं. दुसरं वाचलं. ओठ हलत होते. वहिनी चहाचा ट्रे घेऊन दारातच थांबली. मग बाईने पानं नीट एकावर एक लावली आणि म्हणाली, "तारखा नाहीत."

"कसल्या तारखा?"

"मालिका चालू आहे. दौऱ्यावर कसं येणार? कोणत्याही दिवशी मला उठवतील."

व्यवस्थापक माझ्याकडे बघायला लागला. मग तिच्याकडे. "अगं, झोपलेल्या बाईच्या तारखा कशा अडतात?"

"दोन वर्षं पडले आहे त्या एका भाषणासाठी. आता ते यायच्या वेळी मी दुसऱ्या गावी असले तर ते काय करतील? दुसरी कुणीतरी निजवतील आणि ती उठेल." तिने हस्तलिखित परत दिलं. "बदलीवर उभी राहिलेली आहे मी. मला माहीत आहे हे कसं होतं."

व्यवस्थापक काठी शोधायला लागला. वहिनी ट्रे टेकवून इतकंच म्हणाली, "वन्सं, अहो, बोलायचं काम आहे हे. समोर आलंय." भाऊ पेपरातून वर बघून परत पेपरात गेला.

ते काम दुसऱ्या एका बाईने केलं. चांगलं केलं. दौरे झाले, सत्कार झाले. बाईने ते बघितलं नाही, पण मला माहीत आहे की ते नाटक तिला अख्खं पाठ झालं होतं. त्या दोन पानांवरून नाही. व्यवस्थापकाने हस्तलिखित निघताना सोफ्यावरच ठेवलं होतं.

मालिका बंद होणार हे आम्हाला नेहमीप्रमाणे चहावाल्याकडून कळलं. शेवटचा आठवडा. बाई एकदम हलकी झाली. म्हणायची, आता तर उठवावंच लागेल, ढकललं कुणी ते सांगितल्याशिवाय पडदा कसा पाडणार? तिला बोलावणं आलं नाही. ती वाट बघत राहिली, आणि अखेरच्या दिवशी न बोलावता आली. मेकअपच्या खोलीत जाऊन स्वतःच पट्टी बांधून घेतली, डोळ्यांखाली काळं लावलं. पिनावाल्या बाईंनी तिला विचारलं नाही, मदतही नाकारली नाही.

दिवाणखान्यात सगळं कुटुंब नटूनथटून उभं होतं. शेवटचं दृश्य असं, की भांडणं मिटली, सगळे एकत्र आले, आणि सगळ्यांचा मिळून एक फोटो काढायचा. मीही होतो, घरचा डॉक्टर म्हणून, मागच्या रांगेत. बाई दारात उभी राहिली, डोक्याला पट्टी, अंगात हॉस्पिटलचा झगा. थोरली सून खाली बघायला लागली.

दिग्दर्शक म्हणाला, "बाई, तुम्ही आज कशा?"

"आजीशिवाय फोटो?"

"आजी हॉस्पिटलात आहे ना. तिच्याबद्दल पानात काही आलेलं नाही."

"मग हॉस्पिटलात घ्या. एक वाक्य द्या, मी भाषण मागत नाही. नाहीतर मरते, चालेल. पण डोळे उघडून मरते."

दिग्दर्शक वाईट नव्हता. तो तिच्याजवळ गेला, आवाज खाली आणला. "ती खोली मागच्या आठवड्यात मोडली, बाई. पलंग भाड्याचा होता, परत गेला. वेळही नाही. बसा ना तुम्ही, जेवून जा."

ती बसली. फोटो झाला. तीन वेळा झाला, कारण धाकट्या मुलाचे डोळे मिटत होते. मग तिने जाऊन पट्टी सोडली, घडी करून टेबलावर ठेवली, तोंड धुतलं. रिक्षात मी तिच्याबरोबर होतो. ती म्हणाली, "त्याला काही अडचण आली असेल." त्याला म्हणजे लेखकाला.

पुढे तिला काम मिळालं नाही. निर्मात्यांकडे फोन केला की म्हणायचे, हो हो, त्या बेशुद्ध आजी ना, कळवतो. लोकांना तिचा आवाज आठवतच नव्हता. रस्त्यात कुणी ओळखलं तर विचारायचं, "ढकललं कुणी होतं हो तुम्हाला?" आणि तिला उत्तर माहीत नसायचं. वहिनीने टोमणे बंद केले. मला विचाराल तर ते जास्त वाईट. घरात टीव्ही लागायचा तो हळू आवाजात लागायचा.

भाषण मात्र ती विसरली नाही. मी गेलो की म्हणायचं का म्हणून विचारायची, आणि मी बसायचो ऐकत. शेवटी शेवटी घसा परत धरला तेव्हा ओठांनी म्हणायची. मला पाठ झालं होतं, म्हणून कळायचं.

ती खऱ्या हॉस्पिटलात गेली तेव्हा वहिनी उशाशी होती. डोळे उघडलेच नाहीत तिने, सलग कित्येक दिवस. तिथला डॉक्टर येऊन काय म्हणाला असेल ते सांगत नाही. वहिनी तिच्या कानाशी बोलत होती, "वन्सं, उठा. आता कुणी कापणार नाही." नाही उठली.

तिच्या अंत्यविधीला मालिकेतले बरेच लोक आले. खरं सांगायचं तर निम्मे एवढंच बघायला आले होते की लेखक येतो का. सगळ्यांची नजर फाटकाकडे. थोरली सून माझ्या कोपराला ढोसून म्हणाली, "मुलगा असून नाही आला." वहिनीही फाटकाकडे बघत होती. तिलाही वाटत होतं की येईल. तो आला नाही आणि बातमी पक्की झाली: आईला शेवटचं बघायचंही धाडस झालं नाही त्याला.

लेखक मला त्यानंतर भेटला, आवाज भरण्याच्या एका स्टुडिओत. पॅसेजमध्ये प्लास्टिकच्या खुर्च्या होत्या, त्यातल्या एकीवर तो फोन बघत बसला होता. नाकावरून ओळखला. मी स्वतःची ओळख दिली, तो उठून उभा राहिला, म्हणाला, "अरे, डॉक्टर." माणूस सज्जन वाटला. मी इकडचं तिकडचं बोललो, आणि मग जे एवढी वर्षं कुणी विचारलं नव्हतं ते विचारलं. आजीला एवढं का सांभाळलं?

तो म्हणाला, "सांभाळलं म्हणजे? लिहायला सोय होती. माणसाला मनातलं मोठ्याने बोलायला एक जागा लागते."

"आणि उठवलं का नाही?"

"कसं उठवणार? बाई सोडून गेल्या होत्या ना, पहिल्या लेखकाबरोबर."

मी त्याला सांगितलं, बाई कुठेच गेल्या नव्हत्या, रोज त्याच तिथे पडलेल्या असायच्या. तो खुर्चीत बसला. दोनदा विचारलं त्याने, नक्की का, रोज का.

त्याची आई एका शाळेत शिकवायची आणि अजून त्याच्याकडेच राहते. आमच्या बाईशी त्याचं काही नातं नव्हतं. त्याने तिला कधी पाहिलं नव्हतं. वाहिनीने त्याला सांगितलं होतं की जुने नट गेले, आणि पडद्यावर पट्टी, मास्क आणि चादर दिसत होती. पलंगावर बाहुली ठेवली आहे, असं तो समजत होता.